देवाचे सोंग कोणाला द्यावे?

पौराणिक मालिका उभी करताना नेपथ्य, वेशभूषा आणि चित्रीकरण यांच्याही आधी एक निर्णय घ्यावा लागतो, आणि तो असा की राम, कृष्ण, विठ्ठल किंवा खंडोबा म्हणून जो देह प्रेक्षकांच्या घरात रोज ठरलेल्या वेळी येणार आहे, तो कोणाचा असावा. हा निर्णय ज्याच्या हातून होतो त्याला दूरचित्रवाणीच्या व्यवसायात ‘कास्टिंग डायरेक्टर’ म्हणतात. संहितेतील प्रत्येक भूमिकेसाठी नट शोधणे, त्यांच्या चाचण्या घेणे, त्यांतली मोजकी नावे दिग्दर्शक, निर्माता आणि वाहिनी यांच्यापुढे ठेवणे आणि अखेर एकावर सर्वांची संमती मिळवणे, हे त्याचे काम होय. खाष्ट सासू किंवा नोकरदार नायक निवडताना हे काम व्यावसायिक कौशल्याचे असते. देव निवडताना मात्र त्यात एक असा प्रश्न शिरतो, की ज्याचा विचार भारतीय धर्मपरंपरेने फार पूर्वीपासून, आणि छत्रपती संभाजीनगरच्या पंचक्रोशीने तर विशेष आग्रहाने केलेला आहे: देवाचे रूप धारण करण्याची योग्यता माणसात कशाने येते, ती ठरवण्याचा अधिकार दुसऱ्या माणसाला आहे काय, आणि एकदा अंगावर चढलेले ते रूप उतरवायचे कसे.

या प्रश्नाच्या दृष्टीने गुफी पेंटल यांची कारकीर्द अभ्यासण्याजोगी आहे. 1944 साली जन्मलेले पेंटल शिक्षणाने अभियंता होते, जमशेदपूरच्या टेल्को कारखान्यात त्यांनी नोकरी केली आणि 1969 च्या सुमारास ते मुंबईच्या चित्रपटसृष्टीत आले. 1962 च्या चीन युद्धाच्या काळात ते सैन्यात भरती झाले होते, आणि सीमेवरच्या छावणीत जवान जी रामलीला करीत तीत आपण सीता होत असू, असे त्यांनी पुढे मुलाखतीत सांगितले. बी. आर. चोप्रा आणि रवी चोप्रा यांच्या ‘महाभारत’ या मालिकेसाठी, जी 2 ऑक्टोबर 1988 पासून 24 जून 1990 पर्यंत दूरदर्शनवर 94 भागांत दाखवली गेली, पात्रनिवडीची जबाबदारी त्यांच्याकडे होती. भीमासाठी प्रवीणकुमार सोबती आले, ज्यांनी 1966 आणि 1970 च्या आशियाई स्पर्धांत थाळीफेकीचे सुवर्णपदक मिळवले होते. दुर्योधन पुनीत इस्सर झाले, ज्यांच्यापुढे आधी भीमाची भूमिका ठेवली गेली होती. आणि विदुराच्या भूमिकेसाठी आलेला एक मराठी पशुवैद्यक, नितीश भारद्वाज, ऐन पंचविशीत श्रीकृष्ण झाला. शकुनीची भूमिका मात्र रिकामीच होती. ती पेंटल यांनी स्वतःच करावी, असे संवादलेखक राही मासूम रझा यांनी सुचवले, आणि ज्याने सगळ्यांना भूमिका वाटल्या त्याच्या वाट्याला द्यूतसभेतले फासे आले.

हा क्रम ध्यानात घेतला, तर पात्रनिवडीचा व्यवसाय वरवर दिसतो तेवढा साधा नाही हे कळते. सैनिकाच्या अंगात सीता, अभियंत्याच्या अंगात शकुनी आणि विदुर होऊ पाहणाऱ्याच्या अंगात कृष्ण निघाला. म्हणजे या माणसांकडे पाहताच त्यांची भूमिका कोणाला ओळखू येत नव्हती. ‘रामायण’ (1987-88) मालिकेतही असेच घडले. अरविंद त्रिवेदी रामानंद सागर यांच्याकडे गेले ते रामाला नदीपार नेणाऱ्या केवटाच्या भूमिकेसाठी, आणि परतले ते रावण होऊन. खाजगी आयुष्यात ते रामाचे निस्सीम भक्त होते, आणि ज्याची भक्ती करायची त्यालाच रोज पडद्यावर दुरुत्तरे करायची अशी त्यांची स्थिती होती. वैष्णव परंपरेला ही स्थिती अपरिचित नाही. वैकुंठाचे द्वारपाल जय आणि विजय यांना शापामुळे पृथ्वीवर यावे लागले, तेव्हा भक्त म्हणून सात जन्म की शत्रू म्हणून तीन जन्म असा पर्याय त्यांच्यापुढे होता, आणि परतीचा मार्ग जवळचा म्हणून त्यांनी शत्रुत्व पत्करले; त्यांच्यापैकीच एक जण पुढे रावण झाला, अशी लोकप्रसिद्ध कथा आहे. या कथेत रावण हा नियतीने नेमलेला खलनायक राहत नाही. देवाजवळ लवकर पोहोचण्यासाठी ती भूमिका त्याने स्वतः मागून घेतलेली असते.

शास्त्राने या बाबतीत काय सांगितले आहे, ते पाहणे येथे उचित ठरेल. भरताच्या नाट्यशास्त्रात भूमिकांच्या वाटपावर एक स्वतंत्र अध्याय आहे, आणि त्यात निवडीचे तीन प्रकार सांगितले आहेत. स्त्रीची भूमिका स्त्रीने, पुरुषाची पुरुषाने आणि तीही आपल्या वयाला साजेशी करणे ही ‘अनुरूपा’. बालकाने वृद्धाची किंवा वृद्धाने बालकाची भूमिका करणे ही ‘विरूपा’. आणि पुरुषाने स्त्रीचे किंवा स्त्रीने पुरुषाचे रूप घेणे ही ‘रूपानुसारिणी’. या तिन्ही प्रकारांना शास्त्राची मान्यता आहे, ही गोष्ट महत्त्वाची आहे. त्याच अध्यायात, देवांच्या भूमिकेसाठी अव्यंग, प्रमाणबद्ध, फार स्थूल नाही आणि फार कृश नाही अशा अंगाचा नट निवडावा, तर राक्षस आणि दैत्य यांच्यासाठी थोराड देहाचा, मेघगर्जनेसारख्या आवाजाचा, उग्र डोळ्यांचा नट घ्यावा, असेही म्हटले आहे. आजची निवड बहुतांशी या दुसऱ्या वचनावर चालते आणि पहिल्याचा विसर पडतो.

चाचणीची रीत अशी असते. अंधेरीच्या आरामनगरसारख्या वस्तीतील एखाद्या खोलीत, कोऱ्या भिंतीसमोर उभे राहून नट आपले नाव, वय, उंची आणि गाव सांगतो, डावी आणि उजवी बाजू कॅमेऱ्याला दाखवतो, तळवे पुढे करतो आणि मग दिलेला अर्धा पानभर संवाद म्हणतो. देवाची भूमिका असेल तर त्याचे डोळे किती स्थिर राहतात, स्मित ओठांवर किती वेळ टिकते, मुकुटाच्या भाराने मान झुकते काय आणि संस्कृतप्रचुर वाक्यात श्वास कोठे तुटतो, हे पाहिले जाते. यातून तरून गेला तर ‘लुक टेस्ट’, म्हणजे वेशभूषा व रंगभूषेसह परीक्षा, आणि त्यापुढे ‘मॉक शूट’, म्हणजे एक संपूर्ण प्रसंग प्रत्यक्ष चित्रित करून पाहणे. पुष्कळांची वाट मात्र पहिल्याच दारात संपते, जिथे संवाद म्हणायच्या आधीच चेहऱ्याकडे पाहून ‘नॉट फिट’ एवढे दोन शब्द सांगितले जातात. या दोन शब्दांनी कोणते मोजमाप लावले, हे बाहेर पडणाऱ्याला कोणी सांगत नाही. पण पौराणिक मालिका ओळीने पाहणाऱ्याला ते कळते: देव गोरा, असुर काळासावळा, राजा प्रमाणभाषा बोलणारा, सेवक गावाकडची बोली बोलणारा. ज्या कृष्णाचे आणि रामाचे सावळेपण ही भक्तिसाहित्याची निजखूण आहे, त्यांच्यासाठी गोरा नट शोधून त्याला प्रकाशयोजनेने निळसर करायचे, आणि सावळ्या वर्णाच्या नटाला मुळातच राक्षसांच्या रांगेत उभे करायचे, यात धर्माचा काही आधार नाही. हा केवळ वर्णाचा पूर्वग्रह आहे आणि तो पूजेच्या वस्त्रात गुंडाळलेला असल्यामुळे अधिक घातक आहे.

या पूर्वग्रहाचे सर्वांत भक्कम खंडन संभाजीनगरपासून अवघ्या तीसेक किलोमीटरवर वेरूळला उभे आहे. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळात, आठव्या शतकात, एकाच खडकातून वरून खाली कोरत आणलेल्या कैलास मंदिरात, दक्षिणेकडच्या खोलगट कोनाड्यात रावणानुग्रहाचे शिल्प आहे. रावणानुग्रह म्हणजे रावणावर झालेली शिवाची कृपा: कैलास पर्वत उचलू पाहणाऱ्या रावणाला शिवाने पायाच्या अंगठ्याने दाबले आणि पुढे त्याच्या स्तुतीने प्रसन्न होऊन मुक्त केले, अशी ही कथा. शिल्पाच्या वरच्या भागात पार्वती दचकून शिवाच्या बाहूला बिलगली आहे, तिची सखी पाठमोरी होऊन पळते आहे, आणि शिव मात्र स्वस्थ बसून केवळ पाऊल टेकवतो आहे. खाली, सावलीत, रावण आहे. त्याचे अनेक हात चाकाच्या आऱ्यांसारखे पसरले आहेत, गुडघा टेकलेला आहे, खांद्यांत सगळ्या डोंगराचा भार उतरला आहे. शिल्पकाराने येथे रावणाला विद्रूप केलेले नाही. वरच्या देवाला जितकी कारागिरी दिली तितकीच खालच्या राक्षसाला दिली, किंबहुना शिल्पाचे सारे बळ त्याच्याच पाठीत ओतले. ज्याच्यावर कृपा व्हायची आहे तो कृपेला साजेल असाच घडवला पाहिजे, हे त्या अनाम पाथरवटाला ठाऊक होते. पौराणिक मालिकेसाठी खलनायक निवडणाऱ्या प्रत्येकाने हा कोनाडा एकदा तरी जवळून पाहावा.

वेरूळ शिल्पाची भाषा बोलते. पैठण हाच प्रश्न शब्दांत मांडते. ज्ञानदेवांच्या घराण्याचे मूळ गाव आपेगाव पैठणजवळ गोदावरीच्या काठी आहे, आणि संन्याशाची मुले म्हणून वाळीत टाकलेली ती भावंडे शुद्धिपत्रासाठी पैठणच्या ब्रह्मवृंदापुढे उभी राहिली, ही कथा मराठी माणसाला सांगण्याची गरज नाही. पात्रनिवडीच्या प्रश्नासंबंधात मात्र ती नव्याने वाचली पाहिजे. धर्मशास्त्रात ‘अधिकार’ या संज्ञेचा अर्थ विशिष्ट कर्म करण्याची पात्रता असा होतो, आणि ही पात्रता जन्माने, संस्काराने व आश्रमाने आधीच ठरलेली असते, असे त्या सभेचे गृहीत होते. रेड्याच्या मुखातून वेद वदवले गेले, या आख्यायिकेने हे गृहीतच उलटवले: ज्या वाणीसाठी शतकानुशतके कुळे पारखली गेली, ती अशा प्राण्याच्या मुखातून निघाली, की जो कोणत्याही परीक्षेत पहिल्याच दारात बाद झाला असता. चमत्कार म्हणून या कथेवर श्रद्धा ठेवा अथवा न ठेवा, तिचा तात्त्विक आशय स्पष्ट आहे. योग्यता भूमिकेच्या आधी माणसात साठवलेली नसते. ती प्रकट होते तेव्हाच कळते, आणि ती कोठे प्रकट व्हावी हे सभेच्या हाती नसते.

ज्ञानेश्वरीत बहुरूप्याचा दृष्टांत आला आहे. बहुरूपी राजा आणि राणी यांचे सोंग आणतात, त्यांच्या मनात स्त्रीपुरुषभाव नसतो, तरी लोकांपुढे ते सोंग पुरते वठवतात. ज्ञानी माणसानेही कर्म असेच करावे, हा त्याचा अभिप्राय. सांख्य दर्शनातही सूक्ष्म शरीर, म्हणजे मृत्यूनंतर संस्कार घेऊन पुढे जाणारे शरीर, नटाप्रमाणे निरनिराळी रूपे घेते असे म्हटले आहे, आणि नाट्यशास्त्राने हीच उपमा उलट्या बाजूने वापरली: जीव जसा एक देह सोडून दुसऱ्यात शिरला की आपला स्वभाव टाकून त्या देहाचा स्वभाव धारण करतो, तसे नटाने करावे. तत्त्वज्ञाने नटाकडून उपमा घ्यायची आणि नटाने तत्त्वज्ञाकडून, अशी ही देवघेव असल्यामुळे, भारतीय विचारात सोंग हा शब्द हिणवण्यापुरता उरला नाही.

एकनाथांनी (1533-1599) या विचाराला रस्त्यावर आणले. भारूड हा अध्यात्म सांगणारा, पण बोलणारा कोणी वेगळाच असलेला नाट्यमय काव्यप्रकार त्यांनी असा काही फुलवला, की त्यांच्या मुखातून जोशी बोलतो, वासुदेव, गोंधळी, भुत्या आणि आंधळा बोलतो, आणि ‘जोहार’ घालणारा महारही बोलतो. पैठणच्या प्रतिष्ठित ब्राह्मण घरातील पुरुष महाराच्या वाणीने बोलू लागतो, हे सोळाव्या शतकात साधे धाडस नव्हते. तरीही या ठिकाणी एक गोष्ट मोकळेपणाने म्हटली पाहिजे. हे दार एकाच बाजूने उघडत होते. ब्राह्मण महाराचे सोंग घेऊ शकत होता, महाराला ब्राह्मणाचे घेता येत नव्हते, आणि चोखामेळ्याने स्वतःचा जोहार स्वतःच्या तोंडाने म्हटला तरी त्याला देवळाच्या पायरीपाशीच थांबावे लागले. सोंग घेण्याचे स्वातंत्र्य सर्वांना नसेल, तर उदारतम सोंगातही अन्याय शिल्लक राहतो.

पैठणच्याच परंपरेत या विचाराचे दुसरे टोक आहे, आणि ते श्रीखंड्याच्या कथेत सापडते. साक्षात श्रीकृष्णाने श्रीखंड्या नावाचा पाणक्या होऊन बारा वर्षे नाथांच्या घरी कावडीने पाणी भरले, आणि तो कोण होता हे तो निघून गेल्यावरच घरच्यांना कळले. पाण्याचा तो रांजण भरण्याची प्रथा नाथषष्ठीच्या यात्रेत आजही पाळली जाते. माणसाला देवाची भूमिका द्यावी काय, या प्रश्नाची ही दुसरी बाजू झाली: देवाने माणसाची भूमिका घेतली तेव्हा त्याने सर्वांत खालची, कोणाच्या नजरेत न भरणारी भूमिका निवडली, आणि त्याच्या चेहऱ्यावरून त्याला कोणी ओळखले नाही. बारा वर्षे ज्याला प्रत्यक्ष नाथांच्या घरातले लोक ओळखू शकले नाहीत, त्याला कॅमेऱ्यापुढच्या अर्ध्या मिनिटात ओळखण्याचा दावा कोणी करू नये.

मराठी चित्रपटाच्या आरंभकाळाने हा धडा नकळत गिरवला होता. दादासाहेब फाळके यांना ‘राजा हरिश्चंद्र’ (1913) साठी तारामती मिळेना, तेव्हा त्यांनी खानावळीत काम करणारे अण्णा साळुंके यांना ती भूमिका दिली, आणि ‘लंकादहन’ (1917) मध्ये तर साळुंके यांनीच राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या; ‘कालिया मर्दन’ (1919) मधील कृष्ण फाळक्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी झाली. प्रभातच्या ‘संत तुकाराम’ (1936) मध्ये तुकोबा झालेले विष्णुपंत पागनीस पूर्वी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करीत, आणि त्याच प्रभातच्या ‘संत ज्ञानेश्वर’ (1940) मधले ज्ञानदेव होते शाहू मोडक, अहमदनगरच्या मराठी ख्रिस्ती कुटुंबातले, ज्यांनी पुढे कितीतरी चित्रपटांत कृष्ण साकारला. खानावळीतला आचारी, लहान मुलगी, स्त्रीपार्टी नट आणि ख्रिस्ती तरुण, या चौघांपुढे प्रेक्षकांनी हात जोडले. यांतल्या पहिल्या दोघांच्या भूमिका भरताच्या रूपानुसारिणी प्रकाराची जिवंत उदाहरणे होत, आणि आजच्या वाहिन्यांच्या निवडीपेक्षा ती अधिक शास्त्रशुद्ध आहेत.

येथे एक आक्षेप संभवतो, आणि तो दुर्लक्षिण्याजोगा नाही. देवाचे मूळ रूप कोणी पाहिलेले नसते, म्हणून तेथे साम्याचा प्रश्न सैल राहू शकतो; पण ज्यांची छायाचित्रे उपलब्ध आहेत, ज्यांचा आवाज ऐकलेली माणसे कालपरवापर्यंत हयात होती, अशा महापुरुषांचे काय? संभाजीनगरात हा प्रश्न केवळ सैद्धांतिक नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1950 साली येथे महाविद्यालय सुरू केले, जे पुढे मिलिंद महाविद्यालय म्हणून ओळखले जाऊ लागले. तेथील प्राचार्य म. भि. चिटणीस यांनी अस्पृश्यांच्या युगानुयुगांच्या दुःखाचा प्रवास दाखवणारे ‘युगयात्रा’ हे नाटक लिहिले, आणि ज्यांच्या पूर्वजांचे सोंग आजवर इतरांनी घेतले होते ती मुले स्वतः रंगमंचावर उभी राहिली. एकनाथांच्या भारुडात एकाच बाजूने उघडणारे दार येथे दुसऱ्या बाजूनेही ढकलले गेले. शिवाय 14 ऑक्टोबर 1956 रोजी नागपूरला दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत राम आणि कृष्ण यांना देव न मानण्याची आणि ईश्वराच्या अवतारावर विश्वास न ठेवण्याची प्रतिज्ञा असल्यामुळे, या शहरातील फार मोठ्या समाजासाठी देवाची पात्रनिवड हा श्रद्धेचा विषयच उरत नाही. त्यांच्यासाठी प्रश्न बाबासाहेबांच्या भूमिकेचा आहे. जब्बार पटेल यांच्या 2000 साली आलेल्या चित्रपटात ती भूमिका मल्याळी नट मामुट्टी यांनी केली आणि तिच्यासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 2019 मध्ये सुरू झालेल्या मराठी मालिकेत ती सागर देशमुख यांनी केली. दोघांचेही चेहरे मूळ छायाचित्राशी तंतोतंत जुळत नव्हते, रंगभूषेने ते जवळ आणले गेले, आणि तरीही अनुयायांनी त्यांचा स्वीकार केला. म्हणजे छायाचित्र असतानाही निर्णायक ठरते ती गोष्ट साम्याच्या पलीकडची आहे.

नवव्या शतकाच्या सुमाराचा श्रीशंकुक नावाचा काव्यशास्त्री याचे जे स्पष्टीकरण देतो, त्याला ‘चित्रतुरगन्याय’, म्हणजे चित्रातल्या घोड्याचा दाखला, असे नाव आहे. भिंतीवरचा घोडा पाहून ‘हा घोडा’ असे जे भान होते, ते खरे ज्ञान नव्हे, कारण तेथे घोडा नाही. खोटे नव्हे, कारण कोणी फसलेला नसतो. संशय नव्हे, आणि ‘घोड्यासारखे काहीतरी’ असे निव्वळ साम्यही नव्हे. राम झालेल्या नटाला पाहून ‘हा राम’ असे वाटणे याच पाचव्या प्रकारचे आहे. हे मत अभिनवगुप्ताने पुढे अपुरे ठरवले, पण त्यातली एक गोष्ट आजही खरी आहे: प्रेक्षक हात जोडतो तेव्हा तो भोळा असतो म्हणून जोडत नाही.

भिंतीवरच्या चित्रांचा विषय निघाला की अजिंठा आठवणे अपरिहार्य आहे. तेथे दहाव्या आणि सतराव्या लेण्यात छद्दंत जातकाची चित्रे आहेत. जातक म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्मांची कथा, आणि प्रत्येक जातकाच्या शेवटी ‘समोधान’ नावाचा भाग येतो, ज्यात बुद्ध सांगतो की त्या जन्मी अमुक भूमिकेत कोण होते. सहा सुळ्यांच्या शुभ्र गजराजाला मारायला पाठवलेला शिकारी भिक्षूचे काषाय वस्त्र पांघरून दबा धरून बसतो. विषारी बाण लागलेला हत्ती त्याला चिरडायला धावतो, पण वस्त्र पाहताच थांबतो, कारण ते वस्त्र धारण करणाऱ्याला मारू नये असे त्याला वाटते, आणि मग आपले सुळे त्याला कापू देतो. वस्त्र खोट्या माणसाच्या अंगावर होते, तरी त्याने एक जीव वाचवला. कथेच्या शेवटी कळते, की शिकारी देवदत्त होता, सुळे मागणारी राणी आता भिक्षुणी झाली आहे, आणि हत्ती स्वतः बुद्ध होता. या यादीचे वैशिष्ट्य असे, की तीत खलनायकाचेही नाव आहे आणि त्याला वगळलेले नाही. अनात्मवादी बौद्ध विचारात, म्हणजे स्थिर असा आत्मा न मानणाऱ्या विचारात, जन्माजन्मातून भूमिका बदलत जाणारा कोणी कायमचा ‘नट’ मागे उरत नाही, फक्त कर्मांची साखळी पुढे जाते. तेव्हा ‘हा चेहरा देवाचा, तो राक्षसाचा’ असे कायमचे शिक्के मारण्याला ब्राह्मणी परंपरेपेक्षाही कमी जागा तेथे उरते.

आता तिसरा प्रश्न, म्हणजे अंगावर चढलेले रूप उतरवण्याचा. आणि दूरचित्रवाणीचा सर्वांत गंभीर दोष येथे आहे. धार्मिक विधीत आवाहनाइतकेच विसर्जनाला महत्त्व असते. भाद्रपदात मातीच्या मूर्तीत प्राणप्रतिष्ठा होते, तिची पूजा होते, आणि उत्तरपूजेने देवाला निरोप दिल्यावरच ती माती पाण्यात सोडली जाते. काशीजवळच्या रामनगरच्या रामलीलेत निवडलेली मुले मुकुट चढवल्यापासून ‘स्वरूप’, म्हणजे साक्षात देव मानली जातात, आणि मुकुट उतरला की ती पुन्हा कोणाची तरी मुले होतात. भारुडात सोंग घेणारा अखेरच्या चरणात नाथांच्या नावाची मुद्रा उच्चारून पुन्हा स्वतःत येतो. मालिकेत हा विधी नाही. ‘रामायणा’त राम झालेले अरुण गोविल यांनी प्रेक्षकांच्या भावनेमुळे धूम्रपान सोडले. शकुनी झालेल्या पेंटल यांना कारस्थाने न थांबवल्यास पाय मोडण्याची धमकी देणारे पत्र आले. त्याच मालिकेत सीता झालेल्या दीपिका चिखलिया आणि रावण झालेले अरविंद त्रिवेदी 1991 मध्ये, नितीश भारद्वाज 1996 मध्ये आणि गोविल 2024 मध्ये लोकसभेवर निवडून गेले. आणि या मालिका 2020 च्या टाळेबंदीत पुन्हा दाखवल्या गेल्या तेव्हा तीस वर्षांनी तेच चेहरे पुन्हा देव्हाऱ्यात बसले. राजकारणात जाणे हा प्रत्येकाचा हक्क आहे. पण मताच्या पेटीपर्यंत मुकुट अंगावर राहिला, तर ती नटाचीही फसवणूक आणि मतदाराचीही. पात्रनिवड करणारा येथे पुजाऱ्यासारखा आवाहन तर करतो, पण उत्तरपूजा कोणी करायची, हे त्याच्या करारात कोठेच लिहिलेले नसते.

याचा परिणाम नटाच्या उरलेल्या आयुष्यावर होतो, आणि त्याची जबाबदारी निवडणाऱ्याने टाळू नये. देवाची भूमिका देताना, ही भूमिका वर्षानुवर्षे अंगाला चिकटून राहील, दुसरे काम कदाचित मिळणार नाही, हे त्या तरुणाला आधी सांगितले पाहिजे. त्याच्या निवडीत वर्णाचा आणि बोलीचा पूर्वग्रह शिरू देता कामा नये. आणि ज्यांना नाकारले त्यांना नाकारण्याचे कारण सांगण्याइतके सौजन्य तरी असले पाहिजे. मराठवाड्याच्या बोलीबद्दल तर विशेष बोलले पाहिजे. मालिकांतले ज्ञानदेव आणि एकनाथ बहुधा पुणेरी वळणाची प्रमाणभाषा बोलतात, आणि मराठवाडी बोली विनोदी पात्रांच्या वाट्याला येते. आपेगावचा आणि पैठणचा उच्चार आपेगावच्या आणि पैठणच्या संताला नाकारला जातो, याचे दुःख या भागातील लोकांना होणे स्वाभाविक आहे.

डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातून आणि या शहरातल्या ‘जिगीषा’सारख्या नाट्यसंस्थेतून नट, लेखक आणि दिग्दर्शक मुंबईला गेले, आणि आजही तेथील विद्यार्थी भ्रमणध्वनीवर स्वतःची चाचणी चित्रित करून वाहिन्यांना पाठवतात. अभिनय कसा करावा हे त्यांना शिकवले जाते. भूमिका कोणाला आणि का द्यावी, हा विषयही त्याच गांभीर्याने शिकवला जावा, आणि भरताचा भूमिकावाटपाचा अध्याय, एकनाथांचा जोहार, छद्दंताचे समोधान व ‘युगयात्रा’ ही चारही त्यासाठी एका टेबलावर ठेवली जावीत. पेंटल यांना भूमिका वाटण्याचे शिक्षण कोणी दिले नव्हते. ते त्यांनी सीमेवर सीता होऊन मिळवले होते.